गोत्र म्हणजे डोंगर

गेल्या मार्गशीर्षात माझ्या धाकट्या भावाला मुलगी झाली आणि बारशाला तिच्या कानात नाव सांगण्याचा मान आत्या म्हणून माझ्याकडे आला. सांगण्याआधी नाव ठरायला हवे होते. त्यासाठी घरात एक वही फिरत होती आणि तिच्या पहिल्या पानावर भावजयीने तीन नावे लिहून ठेवली होती: अद्रिजा, इरा आणि मिहिका. त्यांतल्या अद्रिजा या नावाखाली तिने दोनदा रेघ ओढली होती. "ताई, याचा अर्थ नक्की काय हो? नेटवर सगळीकडे 'पार्वती' एवढंच येतं," असे तिने विचारले आणि मी मेथी निवडता निवडता म्हणाले, "अद्रि म्हणजे डोंगर. डोंगराची मुलगी."

बोलून गेले आणि हातातली जुडी तशीच राहिली. समोर पलंगावर आजी बसली होती. तिचे नाव पार्वती, म्हणजे पर्वताची मुलगी. भिंतीवरच्या तसबिरीत आत्या होती. तिचे नाव शैलजा, म्हणजे शैलाची मुलगी. माझे नाव गिरिजा, म्हणजे गिरीची मुलगी. आमच्या घरात एकच अर्थ पिढ्यानपिढ्या शब्द बदलून वापरला जात होता आणि तो कोणी ठरवून वापरलेला नव्हता. आजीला तिच्या आजीचे नाव मिळाले होते. आत्याच्या वेळी शैला, शैलजा ही नावे दर दोन-चार घरांत असायची. माझ्या राशीला 'ग' आला, म्हणून मी गिरिजा झाले. आता चौथी पिढी पाळण्यात होती आणि तिच्यासाठीही वहीत तोच अर्थ येऊन बसला होता.

त्या दिवसापासून बारशापर्यंत मी दुसरा कसला विचार केला नाही. डोंगरावरून माणसाचे नाव ठेवायचे म्हणजे आपण त्या मुलाला नेमके काय देतो, हे मला समजून घ्यायचे होते.

आधी शब्दांकडे गेले. लहानपणी आमच्याकडून अमरकोशाचे थोडे पाठांतर करून घेतले जाई आणि त्यातला शैलवर्गाचा पहिला श्लोक मला अजून येतो. त्या एका श्लोकात डोंगराची तेरा नावे आहेत: महीध्र, शिखरी, क्ष्माभृत्, अहार्य, धर, पर्वत, अद्रि, गोत्र, गिरि, ग्रावन्, अचल, शैल, शिलोच्चय. त्या वेळी ती केवळ घोकायची होती. आता सावकाश पाहिली तेव्हा प्रत्येक शब्दाने डोंगराकडे वेगळ्या बाजूने पाहिलेले दिसले. पर्वत हा शब्द पर्व या शब्दापासून आला. पर्व म्हणजे सांधा, पेर, जशी उसाला किंवा बोटाला असतात तशी. आपण सणाला पर्व म्हणतो तेही त्याच अर्थाने, कारण तो काळाचा सांधा असतो. म्हणजे पर्वत हा पेरांपेरांचा, गाठीगाठींचा. सह्याद्रीच्या कातळाचे थरांवर थर ज्याने एकदा पाहिले आहेत त्याला हा शब्द वेगळा समजावून सांगावा लागत नाही. शैल हा शिलेपासून झाला. महीध्र आणि क्ष्माभृत् हे पृथ्वीला धरून ठेवणारे. अहार्य म्हणजे ज्याला कोणी उचलून नेऊ शकत नाही असा. हा शब्द माझ्या फार आवडीचा आहे आणि तो कोणी मुलाला का ठेवला नाही, याची मला खरोखर हळहळ वाटते. अचल म्हणजे न हलणारा, आणि नग या शब्दाचाही अर्थ जो जात नाही, चालत नाही, असाच आहे. झाडालाही नगच म्हणतात, कारण तेही चालत नाही.

न हलण्याचे एवढे कौतुक कशासाठी, असे वाटेल. त्यामागे जुनी कथा आहे. पूर्वी पर्वतांना पंख होते, ते मनाला येईल तिथे उडत जात आणि उतरत, त्यामुळे धरती डळमळत राही. म्हणून इंद्राने त्यांचे पंख छाटले. हिमालयाचा मुलगा मैनाक तेवढा समुद्रात लपला आणि वाचला. बंगालमध्ये मैनाक हे मुलाचे नाव सर्रास आढळते. आपल्याकडे ते फारसे रुजले नाही. पण ही कथा माहीत झाल्यावर अचल या नावाचा अर्थ मला पालटलेला वाटला. जो मुळातच हलू शकत नाही त्याला अचल म्हणण्यात काय विशेष? कधीकाळी उडत होता आणि आता स्थिर उभा आहे, म्हणून तो अचल.

या शब्दांपासून निघालेली माणसांची नावे वहीत दोन रकान्यांत लिहिली तेव्हा एक गोष्ट माझ्या मनाला लागली. मुलांच्या रकान्यात गिरीश, शैलेश, शैलेंद्र, नगेंद्र, गिरिधर अशी नावे होती. डोंगराचा स्वामी, डोंगरांचा राजा, डोंगर उचलून धरणारा. मुलींच्या रकान्यात पार्वती, गिरिजा, शैलजा, नगजा, अद्रिजा, हैमवती. सगळ्या मुली. मुलगा डोंगराचा धनी होतो आणि मुलगी डोंगराची लेक राहते. एकच शब्द, त्याच्या पुढे मुलासाठी 'ईश' लागतो आणि मुलीसाठी 'जा' लागते. चाळीस वर्षे मी हे नाव वापरते आहे आणि त्या एका अक्षराकडे माझे लक्ष गेले नव्हते.

गिरीश या नावाची आणखी एक गोष्ट इथेच सांगते. दीर्घ 'री' घालून लिहिलेला गिरीश म्हणजे गिरीचा ईश. पण रुद्राला उद्देशून म्हटल्या जाणाऱ्या जुन्या वैदिक प्रार्थनेत ऱ्हस्व 'रि' असलेला गिरिश आहे, आणि त्याचा अर्थ डोंगरावर निजणारा, डोंगरावर राहणारा असा केला जातो. अमरकोशाने शिवाच्या नावांत दोन्ही शेजारी शेजारी ठेवली आहेत. एका वेलांटीने डोंगरातला रहिवासी डोंगराचा मालक होतो. मला स्वतःला ऱ्हस्व वेलांटीचा गिरिश अधिक जवळचा वाटतो. वेलांटीचे दुखणे माझ्याही नावाला आहे. मराठीच्या नियमाप्रमाणे 'गिरी' एकटा असला की दीर्घ आणि समासात पहिला आला की ऱ्हस्व, म्हणून गिरिजा. परंतु माझ्या शाळा सोडल्याच्या दाखल्यावर कोणीतरी दुसरी वेलांटी दिली आणि पुढची सगळी कागदपत्रे त्या दाखल्यावरून झाली. तेव्हापासून सहीत मी पहिली वेलांटी देते आणि कागदावर दुसरी असते.

मुलींच्या रकान्याने मन खट्टू झाले होते, म्हणून मी कुमारसंभव पुन्हा काढले. कालिदासाने पहिल्याच सर्गात या मुलीच्या नावांचा हिशेब दिला आहे. वडिलांकडच्या नात्याने आप्तांनी तिला पार्वती म्हटले. पुढे ती तपाला निघाली तेव्हा आई मेना तिला म्हणाली, "उ, मा", म्हणजे "अगं, नको", आणि त्या दोन अक्षरांवरून तिचे नाव उमा पडले. उमा या शब्दाची खरी व्युत्पत्ती अशी नसेलही, पण कवीला काय दाखवायचे आहे ते स्पष्ट आहे. पहिले नाव वडिलांकडून आले आणि दुसरे आईच्या मनाईतून. पाचव्या सर्गात तिसरे येते. झाडावरून आपोआप गळलेली पाने खाऊन राहणे ही तपाची पराकाष्ठा मानली जाई, तिने तीही सोडली, म्हणून तिला अपर्णा म्हटले. हे नाव तिला कोणी दिलेले नव्हते, ते तिने केलेल्या गोष्टीमुळे पडले. पार्वती, उमा, अपर्णा. आज ही तिन्ही नावे आपण मुलींना एकाच अर्थाची म्हणून ठेवतो आणि कोशातही ती एका ओळीत असतात. पण त्यांच्यामध्ये एका मुलीचे सगळे तरुणपण उभे आहे. पहिल्या नावात डोंगर बाप आहे, आणि तिसऱ्या नावापर्यंत येताना तिने त्या बापाचे घर, अन्न आणि सावली ओलांडलेली आहे.

मी हे आजीला सांगितले. आजी ऐंशीच्या पुढची आहे आणि तिचे माहेर अकोले तालुक्यात, राजूरच्या बाजूला, नागली आणि भाताच्या खाचरांच्या मुलखात. तिला तिच्या गावात पार्वती असे कोणी कधी म्हटले नाही. ती पारू, म्हातारी झाल्यावर पारूबाय. हिमालयाच्या मुलीचे नाव त्या डोंगरात वापरून वापरून दोन अक्षरांवर आले होते. सगळे ऐकून घेतल्यावर ती म्हणाली, "गिरजे, मंग कळसू ठेवा की नाव. ती कोनाची लेक ते कोनाला ठावं हाय?"

कळसूबाईचे शिखर 1646 मीटर उंच आहे आणि महाराष्ट्रात त्याहून उंच जागा नाही. लहानपणी मला वाटे की देवळाचा कळस सर्वांत वर असतो, म्हणून या डोंगराचे नाव कळसूबाई. आजीने ते कधी मान्य केले नाही. तिच्या लेखी कळसू ही बाई होती, आणि तिची गोष्ट त्या भागात सगळ्यांना माहीत आहे. कळसू ही कोळ्याची पोर, रानावनात हिंडणारी. डोंगराच्या पायथ्याशी एका घरी ती कामाला राहिली, पण राहण्याआधीच तिने सांगून टाकले होते की भांडी घासणार नाही आणि केर काढणार नाही. बरेच दिवस ठीक चालले. एक दिवस घरातल्या कोणीतरी तिला भांडी घासायला आणि केर काढायला सांगितले. तिने दोन्ही कामे केली, आणि ती झाल्यावर ती डोंगरावर निघून गेली. मरेपर्यंत ती खाली आली नाही. जिथे तिने भांडी घासली ती जागा थाळेमेळ आणि जिथे केर टाकला ती कचरदरा. आजीने मला ही गोष्ट सांगितली तेव्हा मी बारा वर्षांची होते आणि नवरात्रात आम्ही बारीच्या वाटेने वर चाललो होतो. ती अनवाणी होती, कमरेला खोचलेल्या पदरात नारळ होता. लोखंडी शिडीच्या पहिल्या पायरीला हात लावून तो तिने कपाळाला लावला आणि म्हणाली, "तिनं काम करून दावलं आन् मंग गेली. काम टाकून न्हाई गेली."

शिखरावर देऊळ आहे ते अगदी लहान. आत चार माणसे दाटीवाटीने बसतील एवढे. वारा इतका होता की आजीने पदर दातांत धरला होता. खाली भंडारदऱ्याचे पाणी, पलीकडे रतनगड, दुसऱ्या अंगाला अलंग, मदन, कुलंग. आजीने ओटी भरली, शेंदूर कपाळाला लावला आणि माझ्याही लावला. देवीला ती 'बाई' म्हणत होती. 'आई' म्हणत नव्हती. हा फरक मला तेव्हा कळला नव्हता. आता कळतो. ज्या बाईने भांडी घासणार नाही असे सांगितले होते तिच्याशी शेतात राबणाऱ्या, घरी येऊन पुन्हा भांडी घासणाऱ्या बायका बरोबरीच्या नात्याने बोलतात.

सगळ्या महाराष्ट्रात उंच असलेल्या शिखराला घरकाम करणाऱ्या मुलीचे नाव आहे, याचा मला अभिमान वाटतो. तिला कोणी ते नाव समारंभाने दिले नाही. लोक म्हणत राहिले आणि नाव राहिले. जगातल्या सर्वांत उंच शिखराचे नाव कसे पडले ते पाहिले की हे अधिक जाणवते. मोजणी खात्याने त्याला आधी पंधरावे शिखर एवढाच क्रमांक दिला होता. त्याच्या उंचीच्या गणितात राधानाथ सिकदार या बंगाली गणितज्ञाचा मोठा वाटा होता. 1856 मध्ये मोजणी खात्याचे प्रमुख अँड्र्यू वॉ यांनी आपल्या आधीचे प्रमुख जॉर्ज एव्हरेस्ट यांचे नाव सुचविले आणि 1865 मध्ये लंडनच्या रॉयल जिऑग्राफिकल सोसायटीने ते कायम केले. एव्हरेस्ट 1843 मध्येच निवृत्त झाले होते, आणि आपले नाव इथल्या लोकांना उच्चारता येणार नाही, अशी हरकत त्यांनी स्वतः घेतली होती. उत्तरेकडच्या तिबेटी लोकांचे चोमोलुंग्मा हे नाव तिथे होतेच. त्या हरकतीत एव्हरेस्ट यांचा प्रामाणिकपणा दिसतो आणि तो मला महत्त्वाचा वाटतो. डोंगराचे नाव पायथ्याच्या माणसाच्या तोंडी बसले पाहिजे, हे त्यांना कळत होते.

तोंडी बसण्याची हीच कसोटी आपल्या गडांनाही लागली. शिवाजी महाराजांनी अनेक डोंगरांची नावे बदलली. मुरुंबदेवाचा डोंगर राजगड झाला, भोरप्याचा डोंगर प्रतापगड झाला, रायरीचा रायगड झाला आणि खेळणा विशाळगड झाला. ही सगळी नावे रुजली, इतकी की मुरुंबदेव आणि भोरप्या आज वाचणाऱ्यांनाच ठाऊक आहेत. पण तोरण्याला दिलेले प्रचंडगड हे नाव राहिले नाही. गडावर तोरण जातीची झाडे पुष्कळ म्हणून तोरणा, असे सांगतात, आणि ते झाडांचे नाव साडेतीनशे वर्षे टिकून आहे. दस्तऐवजात प्रचंडगड आहे, पण खालच्या वेल्ह्यात जाऊन विचारले तर माणूस तोरण्याकडेच बोट दाखवील.

गड ओस पडले तरी त्यांनी माणसांना दिलेली नावे खाली उतरून गावोगाव गेली. गडकरी, किल्लेदार ही आडनावे उघडच गडावरची आहेत. शिवकालात प्रत्येक गडावर हवालदार, सबनीस, सरनोबत आणि कोठाराकडे पाहणारा कारखानीस असत, आणि ही पदे पुढे आडनावे झाली. 1818 नंतर इंग्रजांनी गडांच्या वाटा तोडल्या, तट पाडले, शिबंदी मोडली. ज्या कामावरून नाव पडले ते काम संपले आणि नाव मात्र मतदार यादीत अजून आहे. पुरंदरे, पन्हाळकर, मुल्हेरकर यांच्या आडनावांत तो तो गड तसाच उभा आहे. डोंगरे, पर्वते, टेकाडे, दरेकर, घाटे यांच्या नावांत गडही नाही, नुसता डोंगर, त्याची दरी किंवा त्याची वाट आहे. घाटपांडे हे आडनाव मला विशेष आवडते, कारण त्यात डोंगरातली वाट आणि वहीखात्याचे काम एकत्र आले आहे. गोसाव्यांच्या घरांतले गिरी हे आडनाव आणखी लांबून आलेले आहे. संन्याशांच्या दशनामी परंपरेतल्या दहा नावांत गिरी आणि पर्वत ही दोन नावे डोंगराची आहेत, आणि संन्यास घेताना माणूस जन्माचे नाव टाकतो तेव्हा त्याला हे नाव मिळते. बापाचे नाव सुटते आणि डोंगराचे नाव लागते.

डोंगरावरून मिळालेले एक नाव मात्र बोचते. मुंबईत देशावरून कामाला आलेल्या माणसाला 'घाटी' म्हणत. घाट उतरून पलीकडून आलेला, एवढाच त्याचा मूळ अर्थ. पण गिरण्यांत, गोद्यांत, हमालीत राबणाऱ्या माणसांना तो शब्द अशा स्वरात ऐकवला गेला की त्याची शिवी झाली. माझे आजोबा बंदरावर पंधरा वर्षे ओझी वाहत होते आणि हा शब्द त्यांनी रोज ऐकला. ते गावी आले की म्हणत, "घाट उतरला की मी घाटी होतो, चढला की पुन्हा मी." डोंगराच्या नावात अपमान नसतो. तो म्हणणाऱ्याच्या तोंडात असतो, आणि आजोबांच्या ओठांवर तो शब्द कधी आला तर त्याची शिवी झालेली मी ऐकली नाही.

सह्याद्रीच्या नावाबद्दल मला कायम एक आश्चर्य वाटत आले आहे. जुन्या ग्रंथांत सात कुलपर्वत सांगितले आहेत: महेंद्र, मलय, सह्य, शुक्तिमान, ऋक्ष, विंध्य आणि पारियात्र. त्यांतला महेंद्र आज घराघरांत आहे, मलयही ऐकू येतो, पण सह्य नावाचा मुलगा मला अजून भेटलेला नाही. कदाचित मराठीत हा शब्द असह्य या रूपातच जास्त ऐकू येतो, म्हणून तसे होत असेल. सह्य म्हणजे जे सोसवते ते. एका माणसाला मात्र महाराष्ट्राने हे नाव दिले. 1962 च्या चीन युद्धात यशवंतराव चव्हाण संरक्षणमंत्री म्हणून दिल्लीला गेले तेव्हा हिमालयाच्या मदतीला सह्याद्री धावला, असे लोक म्हणू लागले, आणि अजून म्हणतात.

कुलपर्वत हा शब्द तिथे आला आणि मी पुन्हा अमरकोशाच्या त्या श्लोकाकडे गेले. तेरा नावांत आठवे नाव गोत्र आहे. घोकताना ते कधी खटकले नव्हते. पूजेला बसले की गुरुजी गोत्र विचारतात, लग्न जमवताना गोत्र पाहतात, ठाऊक नसेल तर काश्यप सांगतात. त्या गोत्राचा डोंगराशी काय संबंध? जुन्या वैदिक भाषेत गोत्र म्हणजे गाई कोंडण्याची बंदिस्त जागा. ती इंद्राने फोडली म्हणून तो गोत्रभिद्. पुढे त्याच शब्दाला डोंगर हा अर्थ आला आणि कूळ हाही अर्थ आला. एका गोठ्यातल्या गाई त्या एका गोत्रातली माणसे, असा तो प्रवास समजतो. त्याच्याही पुढे जाऊन संस्कृतात गोत्र या शब्दाचा अर्थ नुसते 'नाव' असाही होतो. काव्यात प्रियकराच्या तोंडून चुकून दुसऱ्याच स्त्रीचे नाव निघाले की त्याला गोत्रस्खलन म्हणतात. म्हणजे डोंगर, कूळ आणि नाव या तिन्हींसाठी आपल्या पूर्वजांकडे एक शब्द होता. रात्री अकरा वाजता मी हे भावजयीला सांगायला गेले तेव्हा ती बाळाला पाजत होती. तिने शांतपणे ऐकले आणि म्हणाली, "म्हणजे ताई, नाव शोधायला आपण डोंगरातच जायचं होतं."

वहीत तिने आजीचे कळसू पेन्सिलीने लिहून ठेवले होते. अद्रिजाची रेघ तशीच होती. मी अद्रि या शब्दाचा माग काढला तेव्हा त्यात डोंगर शेवटी सापडला. ऋग्वेदात अद्रि म्हणजे दगड. सोमवल्ली कुटून तिचा रस काढायचा तो दगड अद्रि, आणि ग्रावन् हाही तोच. डोंगराचा अर्थही आहे, पण हातात धरून कुटायचा दगड तिथे अगदी ठसठशीत ऐकू येतो, त्याच्या आवाजासकट. आकाशाला टेकलेला डोंगर आणि मुठीत मावणारा वाटायचा दगड, दोघांना एकच नाव. वाचता वाचता मला आमच्या मागच्या पडवीतला पाटा-वरवंटा आठवला.

बारशाच्या दिवशी आजीने तो वरवंटा स्वतः धुतला. घरात मिक्सर आल्यापासून त्याच्यावर क्वचितच काही वाटले जाते, पण तो टाकायचा विषय कधी निघाला नाही. पन्नास-साठ वर्षे मिरची, खोबरे, लसूण वाटून त्याची एक बाजू तुळतुळीत झाली आहे आणि मध्यावर आजीच्या मुठीएवढी जागा जराशी खोलगट आहे. तिने त्याला हळदकुंकू लावले, तेलाचे बोट लावले आणि बाळासाठी शिवलेली दुसरी कुंची त्याच्या डोक्यावर बांधली. पाळण्याच्या एका बाजूला ती आणि दुसऱ्या बाजूला शेजारच्या काकू उभ्या राहिल्या. वरवंटा पाळण्याखालून गेला, वरून आला. "कुणी गोविंद घ्या, कुणी गोपाळ घ्या." आजीचे हात थरथरत होते, पण तिने तो काकूंच्या हाती सोडताना एकदाही घाई केली नाही. मग तिने तो बाळाच्या पायांशी ठेवला आणि म्हणाली, "दगडावानी टणक व्हय गं माय."

मी वाकले. कुर्रर्र केले आणि बाळाच्या उजव्या कानात म्हटले, "अद्रिजा." पाठीत धपाटे बसायला सुरुवात झाली होती, तरी मी तशीच वाकून राहिले. पूर्वी एकाच मुलाच्या कानात देवतेचे, महिन्याचे, नक्षत्राचे आणि व्यवहाराचे अशी चार नावे सांगत. त्या आधारावर मी कोणाला न विचारता आणखी एक नाव अगदी हळू सांगितले. ते पेन्सिलीने लिहिलेले होते.

आजीने विचारले, "काय ठिवलं?" मी सांगितले. तिने दोनदा म्हणून पाहिले. दात नसलेल्या तोंडात 'द्रि' ठरत नव्हता. तिसऱ्यांदा तिने प्रयत्न सोडून दिला, पाळण्याची दोरी हातात घेतली आणि झोका देत म्हणाली, "आदू. नीज गं आदू." बाळ झोपलेच होते. कुंची घातलेला वरवंटा प्रत्येक झोक्याबरोबर किंचित कलंडून पुन्हा त्याच्या पायांशी येत होता.